मायकेल विल्सन : श्रेयनामावलीबाहेरचा पटकथाकार

‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’ आणि ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ हे डेव्हिड लीन यांचे दोन गाजलेले चित्रपट प्रथम प्रदर्शित झाले, तेव्हा ज्या लेखकाचे नाव पडद्यावर नव्हते, ते अमेरिकन पटकथाकार म्हणजे मायकेल विल्सन.

विल्सन यांचा जन्म १९१४ साली ओक्लाहोमा राज्यातील मॅकॲलेस्टर येथे झाला. बर्कली येथे तत्त्वज्ञानाचे शिक्षण घेऊन ते कथालेखनाकडे व पुढे चित्रपटांकडे वळले. दुसऱ्या महायुद्धात त्यांनी मरीन दलात सेवा बजावली. १९५१ मध्ये अमेरिकी काँग्रेसच्या चौकशी समितीपुढे आपल्या राजकीय मतांविषयी साक्ष देण्यास त्यांनी नकार दिला आणि ते हॉलीवूडच्या काळ्या यादीत गेले. त्यानंतर काही महिन्यांतच ‘अ प्लेस इन द सन’च्या पटकथेसाठी त्यांना हॅरी ब्राउन यांच्यासह ऑस्कर मिळाले!

बहिष्काराच्या काळातच त्यांनी ‘सॉल्ट ऑफ द अर्थ’ (१९५४) लिहिला. माझ्या मते हीच त्यांची सर्वश्रेष्ठ पटकथा. न्यू मेक्सिकोतील एम्पायर झिंक कंपनीच्या खाणकामगारांनी केलेला संप हा तिचा आधार. न्यायालयाने कामगारांना निदर्शने करण्यास मनाई केली, तेव्हा मनाईहुकमात न अडकलेल्या त्यांच्या बायका निदर्शनाला उभ्या राहिल्या. विल्सन यांनी मसुदा त्या कामगार कुटुंबांपुढेच ठेवला. नायक परस्त्रीच्या नादी लागतो आणि शेवटच्या पगारातून दारू विकत घेतो, हे प्रसंग त्यांना खटकले. विल्सन यांनी ते वगळले. कथा सांगते ती एस्पेरान्सा ही कामगाराची पत्नी. त्यामुळे खाणीतील मागण्यांइतकेच मोल घरात नळाचे पाणी यावे या मागणीलाही येते.

पुढे विल्सन फ्रान्समध्ये राहून लिहू लागले. ‘फ्रेंडली पर्सुएजन’ (१९५६) पटकथाकाराच्या नावाविनाच प्रदर्शित झाला, आणि काळ्या यादीतील लेखकांना वगळणाऱ्या नव्या नियमाने ऑस्कर देणाऱ्या अकादमीने त्यांना पुरस्कारासाठी अपात्र ठरवले. ‘क्वाय’ची पटकथा त्यांची व कार्ल फोरमन यांची. ऑस्कर मात्र मूळ कादंबरीकार प्येर बूल यांच्या नावे गेले. याच बूल यांच्या कादंबरीवरील ‘प्लॅनेट ऑफ द एप्स’च्या (१९६८) पटकथेचे श्रेय विल्सन यांना रॉड सर्लिंग यांच्यासह उघडपणे मिळाले.

१९७८ साली त्यांचे निधन झाले. ‘क्वाय’चे ऑस्कर १९८४ मध्ये त्यांच्या व फोरमन यांच्या नावे मान्य झाले, ‘लॉरेन्स’च्या पटकथेतील त्यांचा वाटा लेखकसंघाने १९९५ मध्ये मान्य केला.