गेममधली बंडखोर लायब्ररी

वेबसाइट ब्लॉक करता येते, पेपरला टाळं ठोकता येतं. पण पोराटोरांच्या गेममध्ये ठेवलेलं पुस्तक कोण बंद करणार?

ऑफिसात एखादी साइट उघडायला जावं आणि स्क्रीनवर ‘अ‍ॅक्सेस डिनाइड’ झळकावं, हा अनुभव तुम्हा-आम्हाला नवा नाही. आपण वैतागतो, खिशातला मोबाइल काढतो, विषय संपतो. पण अख्ख्या देशालाच असा आयटीवाला भेटला तर? आणि ती साइट शॉपिंगची नसून बातम्यांची असली तर?

इजिप्तमध्ये ‘मदा मस्र’ या न्यूज साइटचं मे २०१७ मध्ये हेच झालं. रशियात ‘ग्रानी डॉट आरयू’ मार्च २०१४ मध्ये ब्लॉक झाली. मेक्सिकोतल्या ड्रग माफियांवर लिहिणारे हाविएर वाल्देस यांना मे २०१७ मध्ये भर रस्त्यात गोळ्या घातल्या गेल्या. सौदी पत्रकार जमाल खशोगी ऑक्टोबर २०१८ मध्ये इस्तंबूलच्या सौदी वकिलातीत गेले, ते परत आलेच नाहीत. आतच त्यांचा खून झाला.

या सगळ्यांचं लिखाण आज एकाच छताखाली वाचायला मिळतं. फक्त ते छत खरं नाही!

ठोकळ्यांचा राजवाडा

पत्रकारांच्या स्वातंत्र्यासाठी काम करणाऱ्या ‘रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स’ने १२ मार्च २०२० रोजी एक भन्नाट प्रयोग केला. तुमचा भाचा तासन्‌तास ज्यात डोकं घालून बसतो, त्या ‘माइनक्राफ्ट’ गेममध्ये त्यांनी चक्क लायब्ररी उघडली. नाव, ‘द अनसेन्सर्ड लायब्ररी’. खांब, घुमट, भव्य पायऱ्या असा सगळा सरकारी थाट, आणि बाहेर पेन आवळून धरलेल्या मुठीचा पुतळा. आत देशागणिक वेगळं दालन. मेक्सिकोच्या दालनात तर मारल्या गेलेल्या पत्रकारांची स्मारकंच आहेत.

युक्ती साधी आहे. माइनक्राफ्टमध्ये पुस्तकं असतात आणि त्यांत मजकूर लिहिता येतो. बंदी घातलेले लेख मूळ भाषेत आणि इंग्रजीत या पुस्तकांत उतरवले. येणाऱ्याने वाचावं, त्यात खाडाखोड मात्र करता येत नाही.

आणि खरी गंमत पुढे आहे. हा सगळा नकाशा डाउनलोड करता येतो. म्हणजे मूळ सर्व्हर उद्या बंद पडला, तरी ज्याच्या ज्याच्या कॉम्प्युटरवर कॉपी आहे, तो प्रत्येक जण प्रकाशक! सोव्हिएत काळात लोक टाइपरायटरमध्ये कार्बन घालून बंदी आलेल्या पुस्तकांच्या प्रती काढायचे आणि गुपचूप एकमेकांना द्यायचे. ही त्याचीच नातवंडं म्हणायची.

सरकारला कळत नाही का?

कळतं की! लायब्ररीचा गाजावाजा जगभर झाला. पण ती बंद पाडायची, तर गेमच अडवावा लागतो, आणि लाखो पोरांचा (आणि त्यांच्या आयांचा) रोष कोण ओढवून घेईल?

अर्थात ही जादूची कांडी नाही. चीनमध्ये २०१७ पासून नेटईझ कंपनी माइनक्राफ्टची वेगळी आवृत्ती चालवते, त्यामुळे तिथे हा दरवाजा इतक्या सहज उघडत नाही. शिवाय गेम खेळायला कॉम्प्युटर लागतो, पैसे लागतात. आणि मुख्य म्हणजे तलवार-कुऱ्हाड बाजूला ठेवून पुस्तक उघडावंसं वाटायला लागतं. लेख लपवून ठेवता येतो, वाचक मात्र आपला आपणच यावा लागतो.

आपल्यालाही तिथे जायला कारण आहे. लायब्ररीच्या मधल्या दालनात १८० देशांचा प्रेस फ्रीडम इंडेक्स मांडलेला आहे. लायब्ररी उघडली त्या २०२० साली भारत त्यात १४२ वा होता. २०२५ च्या यादीत तो १५१ वा आला. तेव्हा या वीकएण्डला भाच्याच्या शेजारी बसा आणि म्हणा, ‘जरा मला पण शिकव रे!’

फॅक्ट फाईल

- ठोकळे : सव्वा कोटींहून जास्त
- बांधणारे : १६ देशांतले २४ जण
- डिझाइन : ‘ब्लॉकवर्क्स’ स्टुडिओ
- सुरुवातीचे देश : इजिप्त, मेक्सिको, रशिया, सौदी अरेबिया, व्हिएतनाम