ओसाकाची अयाको

ओसाका हे जपानमधील जुने व्यापारी नगर. केंजी मिझोगुची यांच्या १९३६ सालच्या ‘नानिवा एरेजी’ या चित्रपटाची कथा तेथेच घडते. नानिवा हे ओसाकाचेच प्राचीन नाव. नायिका अयाको एका औषध कंपनीत टेलिफोन ऑपरेटर आहे. ही भूमिका इसुझु यामादा यांनी केली आहे.

अयाकोच्या वडिलांनी नोकरीत ३०० येनचा अपहार केला आहे. त्यांचा तुरुंगवास टाळण्यासाठी ती विवाहित मालकाचा अनैतिक आश्रय पत्करते आणि ती रक्कम फेडते. पुढे भावाच्या शिक्षणासाठी लागणारे २०० येनही तीच उभे करते. अखेर पोलिसांच्या ताब्यातून सुटून ती घरी येते, तेव्हा जेवायला बसलेले कुटुंब तिच्याकडे पाठ फिरवते. वडील सत्य सांगत नाहीत. रात्री पुलावरून ती एकटीच चालू लागते.

अचौर्याचे व्रत मोडले पित्याने; प्रायश्चित्त मात्र कन्येच्या वाट्याला आले. अयाकोचा मार्ग चुकीचा होता, हे खरेच. परंतु तिला त्या मार्गावर लोटणारे घर निर्दोष कसे? आपण व्यापारी माणसे जमाखर्च चोख ठेवतो. घरातील लेकीसुनांनी मुकाट्याने सोसलेले आपल्या वहीत कोठे नोंदलेले असते, हेही एकदा पाहावे.