बांध सांभाळणारा गडी



भातकापणी उरकली की तळोज्याकडच्या मोकळ्या खाचरांत पोरांचा चेंडू उडू लागतो. या भागात कारखाने आले, इमारती आल्या, २०२३ च्या नोव्हेंबरात पेंधरपर्यंत मेट्रोही आली. तरी खाडीच्या बाजूला थोडीफार भातशेती अजून टिकून आहे आणि तिच्याच कामासाठी माझे तिकडे जाणे-येणे असते.

मागच्या हिवाळ्यात मातीचे नमुने घेत असताना एका शेतकरीदादांनी मला विचारले, "साहेब, पोरगा फुटबॉल खेळतो. पण बॅकला. तीन वर्षांत एक गोल नाय मारला. त्यात काय दम हाय का? तुम्हीच सांगा त्याला, सोड म्हणून." पोरगा पंधरा वर्षांचा. मातीची पिशवी हातात धरून, खाली मान घालून बाजूलाच उभा होता. मी "बघू पुढे" म्हणून वेळ मारून नेली. घरी आल्यावर मनाला लागून राहिले. विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर देणे हेच तर आमचे काम! ते उत्तर आज देतो.

खाडीकाठच्या शेतकऱ्याला बॅकचा खेळाडू, म्हणजे बचावपटू, कोण हे समजावून सांगायला नको. आपल्या खारजमिनीचा बांध आठवा. तो धान्य पिकवीत नाही. पण भरतीचे पाणी अडवतो म्हणून आत भात उभे राहते. बांधाचे कौतुक कोणी करीत नाही. एके रात्री त्याला खांड पडली आणि खारे पाणी आत शिरले, की मात्र सारा गाव त्याचेच नाव घेतो. बचावपटूचेही असेच आहे. नव्वद मिनिटे अडवले तर कोणाला दिसत नाही. एकदा चुकला तर सगळ्यांना दिसते.

आता आपल्याच मुंबईचा एक बचावपटू बघा. राहुल भेके याचा जन्म ६ डिसेंबर १९९० चा. मुंबईच्या संघांतून खेळत तो कोलकात्याच्या ईस्ट बंगाल क्लबात गेला. मधल्या काळात २०१५ साली केरळ ब्लास्टर्सकडून आणि २०१६ साली पुण्याच्या संघाकडून खेळला. २०१७ मध्ये बेंगळुरू क्लबात आला. वर्षा-दोन वर्षांनी बिऱ्हाड हलवायचे, नवा संघ, नवी माणसे. पण वर्तमानपत्रात ठळक मथळ्यात नाव नाही. अडवणाऱ्याचे नाव मथळ्यात येते कुठे?

१७ मार्च २०१८ रोजी इंडियन सुपर लीगचा अंतिम सामना बेंगळुरू आपल्याच मैदानावर चेन्नईच्या संघाकडून ३-२ असा हरले. बरोबर एक वर्षाने, १७ मार्च २०१९ ला, तोच संघ पुन्हा अंतिम सामन्यात उतरला. यावेळी मैदान होते मुंबईत, अंधेरीला. समोर होते गोव्याचे खेळाडू. नव्वद मिनिटांत एकही गोल झाला नाही. जादा वेळ सुरू झाला. तोही संपायला तीन-चार मिनिटे उरली असताना कोपऱ्यावरून चेंडू आला आणि राहुलने उंच उडी मारून डोक्याने तो जाळ्यात घातला. जन्मभर गोल अडवणाऱ्या गड्याने, आपल्याच शहरात, एकुलत्या एका गोलाने करंडक जिंकून दिला.

पुढची गोष्ट अधिक ध्यानात ठेवण्यासारखी. भारताच्या संघातून तो पहिल्यांदा खेळला तो जून २०१९ मध्ये, थायलंडमधल्या किंग्ज कप स्पर्धेत. तेव्हा त्याला अठ्ठाविसावे सरून गेले होते. बंधूंनो, भातात हळवे असते, निमगरवे असते आणि गरवेही असते. हळवे लवकर कापणीला येते म्हणून गरव्याला कोणी वांझ म्हणत नाही. बचावपटू हे बहुधा गरवे पीक. वाऱ्यासारखे धावणे तरुणपणी जमते, पण कुठे उभे राहावे, केव्हा पाय घालावा आणि केव्हा थांबावे, हे शिकायला वर्षे लागतात.

तिशी ओलांडल्यावर त्याचे पीक भरात आले. तो मुंबई सिटी क्लबात आला होता. एप्रिल २०२२ मध्ये सौदी अरेबियात रियाध येथे इराकच्या एअर फोर्स क्लबाविरुद्ध मुंबईचा संघ आधी मागे पडला, मग बरोबरी झाली आणि विजयी गोल पुन्हा राहुलच्या डोक्याने झाला. आशियाई चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबने जिंकलेला तो पहिला सामना. एप्रिल २०२४ मध्ये कोलकात्याला मोहन बागानकडून हरल्यामुळे मुंबईची लीग शील्ड हुकली. तीन आठवड्यांनी, ४ मे रोजी, त्याच मैदानावर त्याच संघाला ३-१ असे हरवून मुंबईने लीगचा करंडक उचलला, तेव्हा कप्तान राहुल भेके होता. पुढे तो बेंगळुरूला परतला.

सारे गोडच घडले असे मात्र समजू नका. जानेवारी २०२४ मध्ये कतारला आशिया चषकात भारत तिन्ही सामने हरला. राहुल त्या संघात होता. त्याच वर्षी १८ नोव्हेंबरला हैदराबादला मलेशियाविरुद्ध भारत मागे असताना बरोबरीचा गोल त्याने केला, पण विजय मिळाला नाही. आणि २०२५ साली तर पाऊसच दडी मारून बसावा तसे झाले. जुलैमध्ये लीगचा पुढला हंगाम कराराच्या प्रश्नावरून अडला आणि ऑगस्टमध्ये बेंगळुरू क्लबने खेळाडूंचे पगार बेमुदत स्थगित केले. देशातल्या वरच्या खेळाडूंची ही गत, तर खालच्यांची काय असेल, याचा विचार आईबापांनी अवश्य करावा.

म्हणून माझा सल्ला तोच, जो मी शेताबद्दल देतो. एकाच पिकावर घर टांगू नये. पोराला खेळू द्या, पण बारावी, आयटीआय किंवा कृषी पदविका सुटू देऊ नका. कोणी क्लबाचा कागद पुढे केला तर सातबारा वाचता तसा ओळ न् ओळ वाचा. दुखापत झाली तर खर्च कोणाचा, पगार कोणत्या महिन्यापर्यंत, हे विचारा. आणि खेळणारी मुलगी असेल तर तिलाही हाच न्याय लावा. २०२२ साली महिलांच्या आशिया चषकाचे सामने आपल्या नवी मुंबईतच झाले होते.

राहता राहिला गोलाचा प्रश्न. जगातला पहिला आंतरराष्ट्रीय फुटबॉल सामना १८७२ साली स्कॉटलंडमध्ये ग्लासगोला झाला, स्कॉटलंड विरुद्ध इंग्लंड. निकाल होता शून्य-शून्य. त्या दिवशी दोन्हीकडच्या बांधांनी पाणी आत येऊ दिले नाही आणि तरीही तो सामना इतिहासात राहिला.

तेव्हा दादा, तुमच्या पोराने किती गोल मारले हे मोजू नका. एखाद्या संध्याकाळी खाचराच्या कडेला बसा आणि त्याने किती अडवले, ते मोजा. मग ठरवा. आणि ठरवाल तेव्हा त्यालाही जवळ बसवा. त्या दिवशी त्याला कोणी काहीच विचारले नव्हते, मीसुद्धा नाही.