तुर्भ्याच्या बोलीत ‘ळ’ कुठे गेला?

तुर्भे म्हटलं की घाऊक बाजार आणि एमआयडीसी आठवते. पण १९७० साली नवी मुंबई वसवणारी सिडको स्थापन झाली त्याच्या कितीतरी आधीपासून इथल्या गावठाणात आगरी-कोळी बोलली जाते. तिच्यात ‘ळ’चा ‘ल’, ‘ण’चा ‘न’ आणि दोन स्वरांमधल्या ‘ड’चा ‘र’ होतो: डोळा-डोला, पाणी-पानी, घोडा-घोरा. शब्दाच्या सुरुवातीचा ‘ड’ मात्र शाबूत राहतो, ‘डोला’च पाहा. ‘काळा’ आणि ‘काला’ कानाला सारखेच, अर्थ संदर्भाने कळतो. इतक्या नेमाने होणाऱ्या बदलाला अशुद्ध म्हणणं म्हणजे निव्वळ आळस! अभ्यासकांनी तर अशा बोलींची दखल केव्हाच घेतली: भाषाशास्त्रज्ञ ग्रियर्सनच्या भारतीय भाषा सर्वेक्षणाच्या सातव्या, मराठीवरच्या खंडात (१९०५) उत्तर कोकणातल्या बोलींचे नमुने आहेत. अलीकडे पुण्याच्या डेक्कन कॉलेजनेही मराठी बोलींचं सर्वेक्षण हाती घेतलं.