कापड व्यापाऱ्याचा मुलगा : इस्माईल मर्चंट

मागच्या महिन्यात दहावीतल्या एका मुलाचे वडील शाळेत आले. “मॅडम, पोरगा सिनेमा बनवणार म्हणतो. आमच्या खानदानात कुणी हे केलं नाही. तुम्हीच समजवा त्याला.” त्यांची काळजी खोटी नव्हती. मी समजावण्याऐवजी त्या दोघांना एक हकीकत सांगितली. तीच इथे लिहिते.

25 डिसेंबर 1936 रोजी मुंबईत एका कापड व्यापाऱ्याच्या घरी इस्माईल नूरमोहम्मद अब्दुल रहमान यांचा जन्म झाला. फाळणीत हे कुटुंब मुंबईतच राहिले. अभिनेत्री निम्मी यांच्या ओळखीमुळे लहानपणीच स्टुडिओ पाहायला मिळाले आणि सिनेमाचे वेड लागले. पण शिक्षण सोडले नाही. सेंट झेवियर्स कॉलेजातून पदवी घेतली, मग न्यूयॉर्क विद्यापीठात व्यवस्थापनाची पदवी घेतली. तिथे संयुक्त राष्ट्रांच्या कार्यालयात निरोप्याचे काम केले.

‘द क्रिएशन ऑफ वुमन’ या त्यांच्या पहिल्याच लघुपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले. न्यूयॉर्कमध्येच जेम्स आयव्हरी भेटले आणि 1961 मध्ये ‘मर्चंट आयव्हरी प्रॉडक्शन्स’ उभी राहिली. पटकथेसाठी दिल्लीत राहणाऱ्या रूथ प्रावर झाबवाला आल्या. एक मुंबईचा मुसलमान, एक अमेरिकन, एक जर्मनीत जन्मलेली ज्यू लेखिका. हा मेळ चाळीस वर्षांहून अधिक टिकला.

निर्मात्याचे खरे काम म्हणजे पैसा उभा करणे. कोलंबिया कंपनीची भारतातली कमाई तेव्हाच्या नियमांमुळे इथेच अडकून पडली होती. इस्माईलभाईंनी ‘द हाउसहोल्डर’ (1963) हा चित्रपट कंपनीला त्याच रुपयांत विकला आणि त्या पैशातून ‘शेक्सपिअरवाला’ (1965) उभा केला. त्यातील भूमिकेसाठी मधुर जाफरी यांना बर्लिनमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला. पुढे ‘अ रूम विथ अ व्ह्यू’ सुमारे तीस लाख डॉलरमध्ये झाला, एकट्या अमेरिकेत त्याने दोन कोटींहून अधिक डॉलर मिळवले आणि तीन ऑस्कर जिंकले. ‘हॉवर्ड्स एंड’लाही तीन ऑस्कर मिळाले.

सगळी तारीफच करायची नाही. मोबदला कमी आणि तोही उशिरा, अशी कुरबुर त्यांच्याबद्दल असे. पण सेटवर ते स्वतः हाताने रांधून सगळ्यांना जेवू घालत, मग राग कसा टिकणार? हा स्वयंपाक नुसता शौक नव्हता. पाककलेवरची त्यांची पुस्तकेही गाजली.

मला मात्र त्यांचा ‘मुहाफिज’ सर्वात जवळचा. पन्नाशी उलटल्यावर त्यांनी दिग्दर्शित केलेला हा पहिला पूर्ण लांबीचा कथापट. अनिता देसाई यांच्या कादंबरीवरचा, भोपाळमध्ये चित्रित झालेला. थकलेला उर्दू शायर नूर (शशी कपूर) आणि त्याचा कलाम जपू पाहणारा साधा प्राध्यापक देवेन (ओम पुरी). उर्दूच्या तासाला रिकामी बाकडी पाहिली की मला देवेन आठवतो. जगभर इंग्रजी चित्रपटांसाठी नाव झालेल्या माणसाला दिग्दर्शक म्हणून आपल्या जबानचे दुःख सांगावेसे वाटले, हे मला मोठे वाटते.

2002 मध्ये त्यांना पद्मभूषण मिळाले. 25 मे 2005 रोजी लंडनमध्ये इंतकाल झाला. दफन मात्र मुंबईत, मरीन लाइन्सच्या बडा कब्रस्तानात झाले.

हकीकत ऐकून ते वडील थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, “म्हणजे आधी डिग्री?” मी म्हटले, “हो, आधी डिग्री. आणि हिशोबही शिकव म्हणावं.” मुलगा हसला. तुमच्या घरातही असा एखादा असेल, तर त्याला गप्प बसवण्याआधी एकदा त्याचे म्हणणे ऐकून घ्या.