प्लेट टाकली म्हणजे हाड जुळलं का?

बाइकवरून पडून हात मोडला, ऑपरेशन झालं की घरी फोन जातो, "प्लेट टाकलीये, आता टेन्शन नाही." इथेच मी तुम्हाला जरा थांबवतो.

पूर्वी मोडलेला हात आठवडेच्या आठवडे प्लास्टरमध्ये असायचा. हाड जुळायचं, पण सांधे आखडायचे. १९५८ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या मॉरिस म्युलर आणि इतर सर्जननी 'एओ' हा गट काढला. त्यांचं म्हणणं सरळ होतं: तुकडे जागेवर बसवा, प्लेट-स्क्रूने घट्ट आवळा आणि सांधा लवकर हलवायला लागा.

पण प्लेट फक्त धरून ठेवते, जुळायचं काम हाडालाच करावं लागतं. त्याला महिने लागतात. तोवर सगळा ताण प्लेटवर! तार पुन्हापुन्हा वाकवली की तुटते ना? तशीच प्लेटही तुटू शकते. म्हणजे ही शर्यतच आहे: आधी हाड जुळतं की आधी धातू थकतो. सिगारेट ओढलीत तर हाड मागे पडतं.

म्हणून, दुखायचं थांबलं म्हणजे हाड जुळलं असं नाही. डॉक्टरांनी सांगितलेले व्यायाम करा. पण बाइक आणि जिम? ते एक्स-रे बघून डॉक्टरांनाच ठरवू द्या. भेटू पुढच्या भागात!