काळाचे वस्त्र आणि त्याची डागडुजी

“बाई, दिवाळी दरवर्षी वेगळ्या तारखेला का येते?” हा प्रश्न बहुतेक वर्गांत कधी ना कधी निघतोच. ‘तिथीप्रमाणे येते म्हणून’ असे सांगून आपण पुढे जातो. पण ती कधी अलीकडे तर कधी पलीकडे का सरकते, हे कोडे मुलांच्या मनात तसेच राहते. ते सोडवण्यासाठी आम्ही एका गोष्टीपासून सुरुवात करणार आहोत.

महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक नावाच्या शिष्याची कथा आहे. गुरुपत्नीसाठी आणलेली कुंडले तक्षक पळवतो. त्याच्या पाठोपाठ उत्तंक नागलोकात पोचतो. तिथे दोन स्त्रिया मागावर कापड विणत असतात. धागे काळे आणि पांढरे. जवळच बारा आऱ्यांचे चाक सहा कुमार फिरवत असतात. पुढे गुरू उलगडा करतात : त्या दोघी म्हणजे धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्री आणि दिवस, चाक म्हणजे वर्ष आणि कुमार म्हणजे सहा ऋतू. उत्तंकाने केलेल्या स्तुतीत या चाकाच्या संदर्भात ३६० आणि २४ हे आकडेही येतात. २४ म्हणजे वर्षातले पंधरवडे.

विणकरणी काल्पनिक आहेत, पण आकडे तपासता येतात. आणि तपासले, की कापड अपुरे पडते!

कापड कुठे तोकडे पडते?

ऋतूंचे वर्ष सुमारे ३६५.२४२२ दिवसांचे असते. ३६० दिवसांचे वर्ष धरले तर दरवर्षी सव्वापाच दिवस कमी पडतात. सुमारे ३५ वर्षांत ही तूट सहा महिन्यांची होते. म्हणजे एखाद्याच्या जन्माच्या वेळी जो महिना उन्हाळ्यात होता, तोच महिना त्याच्या पस्तिशीत हिवाळ्यात येईल! पेरणीचा महिना ठरवणाऱ्या शेतकऱ्याला असे कापड काय कामाचे?

चंद्राचा धागा घेतला तर तूट आणखी वाढते. एका अमावास्येपासून दुसऱ्या अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस जातात. असे बारा महिने म्हणजे ३५४.३७ दिवस. ऋतूंच्या वर्षापेक्षा हे सुमारे ११ दिवसांनी कमी. हिजरी कालगणनेत ही तूट भरून काढत नाहीत, म्हणून रमजान सुमारे ३३ वर्षांत सर्व ऋतूंतून फिरून येतो. ती त्या कालगणनेची चूक नव्हे. तिथे फक्त चंद्राशी मेळ राखायचा असतो. आपल्या पंचांगाला मात्र चंद्र आणि सूर्य दोघांनाही सांभाळायचे आहे.

ठिगळ कसे लावतात?

लक्ष्मीपूजनाच्या तारखा पाहा : २०२१ मध्ये ४ नोव्हेंबर, २०२२ मध्ये २४ ऑक्टोबर, २०२३ मध्ये १२ नोव्हेंबर. आधी ११ दिवस अलीकडे आणि मग एकदम १९ दिवस पलीकडे. या दोन दिवाळ्यांच्या मध्ये काय घडले? २०२३ साली अधिक श्रावण आला.

हा अधिक महिना कोणी मनाने ठरवत नाही. सूर्याला एक राशी ओलांडायला सरासरी ३०.४ दिवस लागतात. चांद्रमास त्याहून लहान असतो. त्यामुळे कधीतरी एखाद्या चांद्रमासात सूर्य नव्या राशीत जातच नाही. तोच महिना अधिक. साधारण साडेबत्तीस महिन्यांनी असे घडते.

हे ठिगळ किती नेटके आहे? १९ सौरवर्षांचे दिवस होतात ६९३९.६०. १९ वर्षांतले २२८ आणि अधिकाचे ७ मिळून २३५ चांद्रमास; त्यांचे दिवस ६९३९.६९. फरक जेमतेम दोन तासांचा! म्हणूनच २००४ सालचे लक्ष्मीपूजनही १२ नोव्हेंबरलाच होते. मुलांना घरच्या जुन्या दिनदर्शिका आणायला सांगावे. आपल्या जन्मतिथीची एकोणिसाव्या वर्षीची तारीख ती स्वतः शोधू शकतील. एखाद्या दिवसाचा फरक पडला, तर तो का, यावर वर्गात चर्चा घ्यावी.

शिवण पुन्हा उसवते

युरोपात वर्ष ३६५.२५ दिवसांचे धरले होते. दरवर्षीची सुमारे ११ मिनिटांची चूक साठत गेली आणि १५८२ साली ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर धरावा लागला. आपली पारंपरिक पंचांगे ताऱ्यांच्या संदर्भाने वर्ष मोजतात. ते वर्ष ऋतूंच्या वर्षाहून सुमारे २० मिनिटांनी मोठे. म्हणून सूर्य उत्तरेकडे वळतो २१-२२ डिसेंबरला आणि मकरसंक्रांत येते १४-१५ जानेवारीला. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखालील समितीने ऋतूंशी जुळणारी राष्ट्रीय दिनदर्शिका सुचवली. ती २२ मार्च १९५७ पासून लागू झाली. सरकारी कागदांवर ती दिसते, आपल्या सणांपर्यंत मात्र पोचली नाही.

नागलोकातली गोष्ट वर्गात जरूर सांगावी. मात्र ‘सारे विज्ञान पूर्वीच ठाऊक होते’ असा निष्कर्ष तिच्यातून काढू नये आणि ‘भाकडकथा’ म्हणून ती टाकूनही देऊ नये. ३६० हा आकडा म्हणजे कोणीतरी आकाशाकडे पाहून केलेला पहिला अंदाज होता. पुढच्या लोकांनी तूट मोजली, ठिगळ लावले आणि ते उसवते आहे का, तेही पाहिले. गोष्टीत कापड दोघी विणतात. त्याची डागडुजी करणारे हात मात्र माणसांचेच आहेत.